चर्चमधला टाळ

नाताळच्या आठवड्यात संध्याकाळच्या वेळी नेवासे, राहुरी, शेवगाव या भागातल्या एखाद्या गावाबाहेरच्या रस्त्यानं आपण चाललो असलो, तर टाळ-पेटीचा आवाज कानावर येतो. लांबून वाटतं, कुठंतरी हरिपाठ चाललाय. चाल ओळखीची, ठेका ओळखीचा, एकानं म्हणायचं आणि बाकीच्यांनी झेलायचं ही रीतही ओळखीची. जवळ गेलं की शब्द ऐकू येतात आणि मग लक्षात येतं की हे ख्रिस्ताचं भजन आहे. म्हणणारी मंडळी गावातलीच, शेताभातात राबणारी. त्यांना यात काहीच नवल वाटत नाही. आपल्या आजोबांच्या वेळेपासून हे असंच चाललंय, असं ती सांगतील.

पण हे असंच नव्हतं. दीडशे वर्षांपूर्वी ख्रिस्ती प्रार्थनेत टाळ वाजवावा की नाही, हाच मुळात वादाचा विषय होता. तो वाद सुटला, त्यात एका माणसाचा वाटा फार मोठा आहे. ते म्हणजे रेव्हरंड नारायण वामन टिळक. आपल्यापैकी बहुतेकांना टिळक माहीत असतात ते शाळेच्या पुस्तकातून, फुलांमुलांचे कवी म्हणून. किंवा लक्ष्मीबाईंच्या ‘स्मृतिचित्रे’मधले विक्षिप्त, उदार, कधी घरातून न सांगता निघून जाणारे नवरे म्हणून. ते दोन्ही खरं आहे. पण नगर जिल्ह्याच्या दृष्टीनं टिळकांचं खरं काम वेगळंच होतं. कविता, कीर्तन, भजन, संपादन, प्रवचन ही सगळी हत्यारं हाताशी घेऊन त्यांनी एकच प्रश्न आयुष्यभर सोडवला: माणसानं धर्म बदलला तर त्यानं आपलं मराठीपणही बदलायचं का?

आधी थोडी पार्श्वभूमी सांगायला हवी. अमेरिकन मराठी मिशननं नगरला ठाणं मांडलं ते १८३१ साली. मराठी वृत्तपत्रांच्या इतिहासात ज्याचं नाव मानानं घेतलं जातं ते ‘ज्ञानोदय’ १८४२ साली इथंच सुरू झालं. सिंथिया फेरार बाईंची मुलींची शाळा इथलीच. जोतीराव फुले ती पाहायला आले होते, आणि सावित्रीबाईंच्या अध्यापनाच्या शिक्षणाचा धागाही या शाळेशी जुळलेला आहे. थोडक्यात, नगर तेव्हा काही आडगाव नव्हतं. पुढं १८७६-७७ चा दुष्काळ पडला, मग शतकाच्या शेवटी आणखी दोन मोठे दुष्काळ पडले. या काळात जिल्ह्यातल्या खेड्याखेड्यांतून, मुख्यतः महार आणि मांग समाजातली कुटुंबंच्या कुटुंबं ख्रिस्ती झाली. कुणी पोटासाठी म्हणतं, कुणी शाळेसाठी, कुणी गावकीच्या जाचातून सुटण्यासाठी. माझ्या मते हे तिन्ही एकाच कारणाचे तीन पदर आहेत, त्यांची वाटणी करायला जाऊ नये.

तर या माणसांनी रविवारी चर्चमध्ये जाऊन म्हणायचं काय? मिशनरी मंडळींनी बरीच गीतं इंग्रजीवरून भाषांतरित केली होती, आणि ती त्यांच्याच चालींवर म्हटली जात. आता इथं जरा थांबू, कारण सगळी गोम इथंच आहे.

इंग्रजी भाषेत शब्दातल्या एखाद्या अवयवावर आघात असतो. इंग्रजी गीताची चाल त्या आघातावर बांधलेली असते; जिथं जोर, तिथं सूर लांबवायचा. मराठीत तसा आघात नाही, मराठीत ऱ्हस्व-दीर्घ आहे. मग मराठी शब्द त्या चालीत कोंबला की काय होतं? उदाहरणार्थ ‘सुत’ हा शब्द घ्या. सुत म्हणजे मुलगा. चालीचा जोर पहिल्या अक्षरावर पडला की त्याचं होतं ‘सूत’. देवाचा पुत्र राहतो बाजूला आणि चातीवरचा धागा समोर येतो! ‘पिता’चं होतं ‘पीता’. म्हणणारा श्रद्धेनं म्हणतो, पण ऐकणाऱ्याच्या कानाला ठेच लागते.

कुणी म्हणेल, अभंगात तरी अक्षरं लांबवत नाहीत का? लांबवतात. पण तिथं सगळीच जवळजवळ सारखी लांबवतात. एकाला उचलायचं आणि दुसऱ्याला आपटायचं असं होत नाही. अभंगाचं माप अक्षरांच्या संख्येवर असतं. मोठ्या अभंगात पहिल्या तीन चरणांत सहा-सहा अक्षरं, चौथ्यात चार, आणि दुसऱ्या-तिसऱ्या चरणांचं यमक. लहान अभंगात आठ-आठ अक्षरांचे चरण. हे माप बोटांवर मोजता येतं, त्याला शाळा लागत नाही. आणि कानाला ती सवय शेकडो वर्षांची.

दुसरी गोष्ट याहून महत्त्वाची. इंग्रजी पद्धतीचं गीत सगळ्यांनी एकदम, पहिल्यापासून शेवटपर्यंत म्हणायचं असतं. त्यासाठी हातात पुस्तक पाहिजे आणि पुस्तक वाचता आलं पाहिजे. नगरच्या खेड्यातल्या नव्या ख्रिस्ती माणसांपैकी कितीजणांना तेव्हा वाचता येत होतं? भजनात तसं नसतं. एकजण चरण म्हणतो, बाकीचे तो उचलतात, ध्रुपद पुन्हा पुन्हा येतं. दोन रात्रींत निरक्षर माणसाचंही पाठ होतं. भजन हा एकट्याचा ऐवज नाहीच; मागं झेलणारे नसतील तर पुढचा काय म्हणणार?

ही गोष्ट टिळकांच्या आधीही काहींच्या ध्यानात आली होती. नगरचे कृष्णा रत्नाजी सांगळे हे त्यातले मोठे नाव. देशी चालींवर गीतं रचायची आणि हरिदासी कीर्तनाच्या घाटात ख्रिस्ताची कथा सांगायची, हा प्रयोग सांगळे आणि त्यांच्या सोबत्यांनी एकोणिसाव्या शतकातच सुरू केला. म्हणजे टिळक नगरला आले तेव्हा रान अगदीच पडीक नव्हतं.

टिळकांचा जन्म ६ डिसेंबर १८६१ चा, कोकणातल्या करजगावचा. शिक्षण नाशिकला, गणेशशास्त्री लेले यांच्याकडं संस्कृतचं. संस्कृत उत्तम, वक्तृत्व उत्तम, मन अस्थिर. आज इथं तर उद्या तिथं. १८९३ साली नागपूरकडून राजनांदगावला जाताना आगगाडीत एक युरोपियन गृहस्थ भेटले. त्यांच्याशी गप्पा झाल्या आणि उतरताना त्यांनी टिळकांच्या हातात ‘नवा करार’ ठेवला. ते गृहस्थ कोण हे टिळकांना पुढं कधीच कळलं नाही. १० फेब्रुवारी १८९५ रोजी मुंबईत टिळकांनी बाप्तिस्मा घेतला. तो दिला जस्टिन अ‍ॅबट यांनी. याच अ‍ॅबटसाहेबांनी पुढं मराठी संतांच्या चरित्रांची इंग्रजी भाषांतरं केली, हे सहज सांगून ठेवतो.

त्या काळी ही घटना किती भयंकर वाटली असेल याचा अंदाज आज यायचा नाही. त्याआधी पाचच वर्षं, १८९० साली, पुण्याच्या पंचहौद मिशनमध्ये काही प्रतिष्ठित मंडळींनी चहा-बिस्किटं घेतली, तर केवढं वादळ उठलं होतं. दुसरे टिळक, म्हणजे लोकमान्य, त्यात होते, रानडे होते. प्रायश्चित्तापर्यंत मजल गेली. नुसत्या कपभर चहानं हे होतं, तर इथं एका चित्पावन शास्त्र्यानं धर्मच सोडलेला. लक्ष्मीबाई लहान मुलाला घेऊन माहेरच्या माणसांत राहिल्या, त्यातला काही काळ पंढरपुरात. चार-साडेचार वर्षं नवरा-बायकोची ताटातूट झाली. मग त्या नगरला टिळकांकडं आल्या, तरी त्यांचं पाणी वेगळं, चूल वेगळी. हळूहळू त्यांचं मन पालटलं आणि १९०० साली त्यांनीही बाप्तिस्मा घेतला. हे मनाचं पालटणं त्यांनी ज्या सरळपणानं लिहून ठेवलंय, तसं जातीबद्दल मराठीत फार थोड्यांनी लिहिलंय. मोठं तत्त्वज्ञान नाही. कुणाच्या हातचं पाणी प्यायचं आणि कुणाच्या नाही, एवढ्याच गोष्टीभोवती सगळं फिरतं. पण जात राहते ती तिथंच, घागरीपाशी.

नगरला टिळक मिशनच्या धर्मशिक्षणाच्या शाळेत शिकवू लागले. १९०४ साली त्यांना पाळकाची दीक्षा मिळाली. घरी अनाथ मुलं, विद्यार्थी, आले-गेले यांची रीघ. त्यात एक मुलगा होता त्र्यंबक बापूजी ठोमरे. १९०७ च्या जळगावच्या कविसंमेलनात ज्याला ‘बालकवी’ ही पदवी मिळाली तोच. टिळकांनी आणि लक्ष्मीबाईंनी त्याला नगरला आपल्या घरी ठेवून घेतलं. ‘औदुंबर’ लिहिणाऱ्या कवीला नगरच्या एका ख्रिस्ती घरानं आसरा दिला, याचा आपण नगरकर पुरेसा अभिमान बाळगत नाही.

आता कीर्तनाकडं येऊ. नारदीय कीर्तनाचे दोन भाग असतात. पूर्वरंगात नमन, मूळ पद आणि त्याचं निरूपण. उत्तररंगात आख्यान, म्हणजे गोष्ट. मध्ये नामाचा गजर, शेवटी आरती. टिळकांच्या आधीच्या आणि त्यांच्या काळच्या ख्रिस्ती कीर्तनकारांनी हा घाट जसाच्या तसा ठेवला आणि आख्यान मात्र बायबलमधलं घेतलं. उधळ्या पुत्राची गोष्ट घ्या. बापाकडून वाटणी मागून घेणारा धाकटा मुलगा, ती उडवून परत येणारा, आणि वाट पाहणारा बाप. ही गोष्ट कुठल्याही मराठी गावात वेगळी समजावून सांगावी लागते का? साकी, दिंडी, ओवी, कटाव असा साज चढवून ती उभी केली की चर्चच्या भिंतींच्या बाहेरचे लोकही ऐकायला बसत. चर्चमध्ये पाऊल न टाकणारा पाटीलही चावडीपुढच्या कीर्तनाला येई. मिशनच्या दृष्टीनं हा प्रचार होता, यात शंका नाही. ते लपवायचं कारण नाही. पण त्यातून दुसरंही काही घडत होतं. ज्यांना आजवर गावाच्या कीर्तनात लांब बसावं लागत होतं, त्यांच्यातलाच एखादा आता चिपळ्या घेऊन मधोमध उभा राहत होता.

टिळकांचं कर्तृत्व मुख्यतः रचनेतलं. ओवी, अभंग, पदं. भाषा घरगुती, आईनं लेकराशी बोलावं तशी. तुकोबांच्या पुलावरून आपण ख्रिस्तापर्यंत आलो, असं ते सांगत. याचा अर्थ त्यांनी तुकोबांची नक्कल केली असा नाही. तुकोबांनी देवाशी भांडायची, रुसायची, लडिवाळ बोलायची जी मुभा मराठीत मिळवून ठेवली होती, ती त्यांनी वापरली. मराठी चर्चमध्ये आजही चालणाऱ्या ‘उपासना संगीत’ या गीतसंग्रहात टिळकांची गीतं अडीचशेच्या आसपास आहेत. एका कवीचा एवढा वाटा असलेली गीतपुस्तकं जगात फार नसतील. प्रॉटेस्टंटांची उपासना आधीपासून लोकभाषेत होतीच, पण सूर परका होता. कॅथलिकांच्या मिस्सेत तर लॅटिन सुटून लोकभाषा येण्यास दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेची, म्हणजे १९६२ ते ६५ या काळाची वाट पाहावी लागली. नगरच्या भजनी मंडळींनी सुराचा प्रश्न त्याच्या अर्धशतक आधीच सोडवला होता.

इथं एक अवघड गोष्ट सांगितल्याशिवाय पुढं जाता येत नाही. टिळकांचा हा मराठीपणाचा आग्रह सगळ्यांनाच गोड वाटला, असं समजू नये. टाळ-मृदंग आले की त्यांच्यामागून मूर्तिपूजा येईल, ही भीती काही मिशनऱ्यांना होती. ती आपण बाजूला ठेवू. पण स्वतः नवख्रिस्ती समाजातही कुरकुर असे आणि तिला कारण होतं. टिळक ब्राह्मण घरातून आलेले. त्यांच्यासाठी अभंग, कीर्तन, संस्कृत हा वारसा होता. जो माणूस गावकीतून सुटून आला, त्याच्यासाठी वाद्याचा अर्थ वेगळा असू शकतो. लग्नात, जत्रेत, मेलेलं माणूस नेताना हलगी वाजवणं ही त्याच्या जातीवर लादलेली सक्ती होती. इंग्रजी चालीचं गीत, बाकावर बसणं, पायात बूट, यात त्याला माणूसपण दिसत होतं. अशा माणसाला कुणी सांगू लागला की तू पुन्हा खाली बस आणि टाळ घे, तर त्यानं शंकेनं पाहिलं, यात नवल काय?

मला वाटतं, या शंकेला उत्तर टिळकांच्या युक्तिवादानं नाही दिलं, लोकांनीच दिलं. कारण भजन हे काही एकट्या ब्राह्मण शास्त्र्याचं देणं नव्हतं. महारवाड्यात एकतारीवरचं भजन पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेलं होतं. चोखोबा त्यांचे स्वतःचे होते. नेवासे याच जिल्ह्यातलं. जिथं खांबाला टेकून ज्ञानेश्वरांनी ‘ज्ञानेश्वरी’ सांगितली ते गाव. तिथली ओवी जात्यावर बसणाऱ्या प्रत्येक बाईच्या तोंडात होती, मग ती कुठल्याही आळीतली असो. टिळकांनी शब्द दिले. चाली, ठेका, झेलणं आणि टिकवणं हे त्या माणसांनी केलं. छापलेल्या पुस्तकात कवीचं नाव असतं, ज्यानं पन्नास वर्षं दर रविवारी पेटी धरली त्याचं नसतं. गाणं जगलं ते मात्र दोघांमुळे.

१९१२ पासून टिळक ‘ज्ञानोदय’च्या मराठी विभागाचे संपादक होते. तिथंही हाच सूर. ख्रिस्ती माणूस देशप्रेमात मागं नाही, हे ते निक्षून लिहीत. मिशनचा पगार घेऊन मिशनरी मंडळींच्या वर्चस्वावर टीका करायची, हे फार दिवस चालणं कठीण होतं. १९१७ साली त्यांनी तो पगारच सोडला. संन्यास घेतला, पण घरदार न सोडता. साताऱ्याला राहून ‘देवाचा दरबार’ नावाचा एक बंधुसंघ काढला. त्यात बाप्तिस्मा घेतलेले आणि न घेतलेले असे दोघेही ख्रिस्ताचे शिष्य म्हणून बरोबरीनं यावेत, अशी योजना होती. आज वाचताना हे सोपं वाटतं. तेव्हा दोन्ही बाजूंना ते पेलणारं नव्हतं. चर्चला वाटे, बाप्तिस्म्याशिवाय शिष्य कसला? हिंदू समाजाला वाटे, हा बाटवण्याचा नवा मार्ग. दरबार रुजायला वेळ हवा होता आणि तोच टिळकांकडं उरला नाही. ९ मे १९१९ रोजी मुंबईत ते गेले. चार वर्षांनी जे. सी. विन्स्लो यांनी त्यांचं इंग्रजीत चरित्र लिहिलं आणि बाहेरच्या जगाला त्यांची ओळख झाली.

प्रश्न मात्र मिटला नाही. २०२० च्या जानेवारीत उस्मानाबादला साहित्य संमेलन झालं. अध्यक्ष होते फादर फ्रान्सिस दिब्रिटो, वसईचे, ‘सुबोध बायबल’ लिहिणारे. त्यांच्या निवडीवर आक्षेप आलेच: धर्मगुरू अध्यक्ष कसा? आक्षेप घेणाऱ्यांनी टिळकांचं भजन कधी ऐकलं होतं का, कोण जाणे. फादर स्टीफन्सनं ‘ख्रिस्तपुराण’ छापलं १६१६ साली. त्यात अकरा हजारांच्या घरात ओव्या आहेत आणि मराठीची स्तुतीही आहे. म्हणजे चारशे वर्षं झाली, तरी दारात उभं राहून ओळख सांगावीच लागते. फादर दिब्रिटो २०२४ च्या जुलैमध्ये गेले. त्याच वर्षी आपल्या जिल्ह्याचं नाव अहमदनगरचं अहिल्यानगर झालं. जिल्ह्याच्या नावाची चर्चा पुष्कळ झाली. जिल्ह्यानं मराठीला काय काय दिलं याची थोडी झाली असती तरी चाललं असतं.

शेवटी एक राहिलेलं काम सांगतो. १९०९ साली टिळकांनी ओवीबद्ध ‘ख्रिस्तायन’ लिहायला घेतलं. ख्रिस्ताचं चरित्र, आपल्या पोथीच्या थाटात, अध्याय पाडून, घरी बसून मोठ्यानं वाचता यावं असं. ते पुरं झालं नाही. दहा-अकरा अध्यायांशी टिळकांची लेखणी थांबली. पुढं ते काम हाती घेतलं लक्ष्मीबाईंनी. त्या कधी शाळेत गेल्या नव्हत्या. अक्षरओळख झाली ती लग्नानंतर, नवऱ्याच्या तऱ्हेवाईक शिकवणीत. ज्या बाईनं एके काळी नवऱ्याच्या धर्मांतरापायी पंढरपुरात दिवस काढले, तिनं त्याच्या मागं त्याच्याच ओवीत साठाहून अधिक अध्याय रचले. याच काळात, मुलगा देवदत्त वडिलांचं चरित्र लिहिणार म्हणून त्याला मजकूर पुरवता पुरवता, ‘स्मृतिचित्रे’ही लिहून झाली. २४ फेब्रुवारी १९३६ रोजी नाशिकला लक्ष्मीबाई गेल्या. ‘ख्रिस्तायन’ छापून बाहेर आलं ते १९३८ साली. तेव्हा ते लिहिणाऱ्या दोघांपैकी कुणीच पाहायला नव्हतं.